मोडायलाही पैसे लागतात

रोटेनबुर्गच्या बाजारचौकात सकाळचे दहा वाजायला आले, की माणसं माना वर करून उभी राहतात. समोर एक जुनी इमारत आहे. नगरसभेच्या सभासदांनी बसून वाइन प्यावी म्हणून बांधलेली. तिच्या दर्शनी भिंतीवर घड्याळ आहे. ठोके पडू लागले की घड्याळाच्या दोन्ही अंगांच्या खिडक्या उघडतात. एकीत सेनापती टिलीचा पुतळा, दुसरीत माजी नगराध्यक्ष गेओर्ग नुशचा. नुशच्या हातातला भलामोठा चषक सावकाश त्याच्या तोंडाशी जातो. थोड्या वेळाने खिडक्या मिटतात, कॅमेरे खाली येतात, गर्दी पांगते. १९१० पासून हा खेळ दर तासाला चालू आहे.

त्यामागची गोष्ट अशी. साल १६३१. युरोपात कॅथलिक आणि प्रोटेस्टंट यांचं तीस वर्षांचं युद्ध ऐन भरात आलेलं. प्रोटेस्टंट रोटेनबुर्गने स्वीडनच्या राजाची बाजू धरली, म्हणून सम्राटाचा सेनापती टिली गावावर चालून आला. तटाच्या एका बुरुजात साठवलेल्या दारूगोळ्याचा स्फोट झाला आणि गाव पडलं. संतापलेल्या टिलीने नगरसभेच्या सभासदांना मृत्युदंड फर्मावला, गाव लुटून जाळायचा हुकूम सोडला. त्याचं मन वळवावं म्हणून कुणीतरी त्याच्यापुढे फ्रँकोनियाच्या वाइनने भरलेला चषक धरला. त्यात सव्वातीन लिटर वाइन मावत होती. सेनापतीला गंमत सुचली. तो म्हणाला, तुमच्यापैकी कुणी हा एका दमात रिकामा करून दाखवला, तर गाव सोडून देतो. नुश पुढे झाला, चषक उचलला, रिकामा केला, आणि गाव वाचलं.

थोडक्यात, एका दारूने गाव पाडलं आणि दुसऱ्या दारूने ते वाचवलं. मराठीत हा श्लेष आपसूक जमतो, जर्मन माणसाला त्यासाठी कष्ट पडतील.

टिली खरा होता, नुशही खरा होता. १६१६ साली घडवलेला, बाहेरून चित्रं काढलेला तो चषकही गावच्या संग्रहालयात आहे. फक्त हा प्रसंग त्या काळच्या एकाही नोंदीत सापडत नाही. तो लिहिलेला दिसतो तो शंभरावर वर्षांनंतर, आणि गाजला तर अडीचशे वर्षांनी. मग टिलीने खरोखर काय केलं, आणि हे गाव नेमकं कशामुळे राहिलं, हे प्रश्न उरतात. त्यांची उत्तरं खिडकीतल्या बाहुल्यांइतकी देखणी नाहीत, पण मला ती जास्त रंजक वाटतात.

आज बव्हेरिया राज्यात असलेलं हे गाव टाउबर नदीच्या वळणावर, दरीच्या काठावर वसलेलं आहे. नावाचा सरळ अर्थ ‘टाउबरवरचा तांबडा गड’. होहेनश्टाउफेन घराण्यातल्या तिसऱ्या कोनराड राजाने ११४२ मध्ये इथली जागा मिळवली आणि दरीत घुसलेल्या डोंगराच्या सोंडेवर गढी बांधली. गढीच्या आसऱ्याने बाजार वाढला, बाजाराभोवती तट आला. १२७४ मध्ये हाब्सबुर्ग घराण्यातल्या रुडोल्फने रोटेनबुर्गला साम्राज्याचं स्वतंत्र नगर म्हणून सनद दिली. म्हणजे मध्ये कुणी सरदार नाही, बिशप नाही. कर थेट सम्राटाला द्यायचा, बाकी न्यायनिवाडा, जकात, सैन्य सगळं आपलं आपण बघायचं. तेव्हाच्या जर्मन मुलखात गावाच्या दृष्टीने याहून मोठी प्रतिष्ठा नव्हती.

१३५६ मध्ये बाझलचा मोठा भूकंप झाला. त्यात गढी ढासळली. गावकऱ्यांनी तिची डागडुजी करण्याच्या भानगडीत न पडता तिचे दगड तटाच्या कामाला लावले. राजाचं घर पाडून प्रजेच्या भिंती उभ्या राहिल्या. गढीच्या जागी आता बाग आहे आणि एक छोटं प्रार्थनाघर तेवढं शिल्लक आहे.

तटाच्या आत एक अडचण होती, ती पाण्याची. नदी खाली खोल दरीत, गाव वर. वेढा पडला तर नदीवर जाणार कोण? म्हणून पाण्याचे झरे आणि नळ यांचा ठावठिकाणा गुप्त ठेवत. बाजारचौकातला सेंट जॉर्जचा हौद दिसायला शोभेचा आहे, पण तो आठ मीटर खोल आहे आणि त्यात लाखभर लिटर पाणी मावतं. उत्तरेकडच्या क्लिंगेन वेशीच्या मनोऱ्यात पुढे पाण्याची टाकी बसवली. खालचं पाणी चढवून तिच्यात साठवायचं आणि तिथून गावातल्या कारंज्यांना सोडायचं. वरून वेस, आतून जलकुंभ. पर्यटक त्या वेशीचे फोटो काढतात ते तिच्या नक्षीदार टोकासाठी. टाकीची आठवण क्वचितच कुणाला असते.

गाव सगळ्यांत फुगलं ते चौदाव्या शतकाच्या शेवटी, नगराध्यक्ष हाइनरिश टोप्लरच्या अमदानीत. टोप्लर श्रीमंत, हिशेबी आणि जमिनीचा भुकेला होता. त्याने आसपासची खेडी, गढ्या, जंगलं एकामागून एक विकत घेऊन नगराच्या खात्यात आणली. काही त्याच्या स्वतःच्याही खात्यात गेली, हे ओघानेच आलं. १४०० च्या आसपास तटाच्या आत पाच-सहा हजार माणसं होती. आज ही संख्या एका मोठ्या गृहसंकुलात मावते, पण तेव्हाच्या मानाने रोटेनबुर्ग जर्मन मुलखातल्या मोठ्या नगरांत मोडत होतं. टोप्लरने १३८८ मध्ये दरीत नदीकाठी स्वतःसाठी एक विचित्र घर बांधलं. खाली दगडी बुरूज, वर लाकडी चौकटीचं रुंद माळ्याचं घर. एखाद्याने डोक्यावर भलतंच मोठं पागोटं घालावं तसं ते दिसतं. ते अजून उभं आहे.

राजकारणात मात्र टोप्लरचा फासा उलटा पडला. पदच्युत झालेल्या वेंझेल राजाशी त्याने संधान ठेवलं आणि नव्या राजाचा व न्यूर्नबेर्गच्या बुर्गग्राफचा रोष ओढवून घेतला. १४०८ मध्ये त्याच्याच नगरसभेने त्याला धरून नगरसभागृहाखालच्या अंधारकोठडीत टाकलं. तिथेच तो त्याच वर्षी मेला. कोठडी आजही तिकीट काढून बघता येते. टोप्लरनंतर रोटेनबुर्ग पुन्हा कधी तितकं बलाढ्य झालं नाही.

या वैभवाच्या शंभरेक वर्षं आधीचा एक मोठा माणूस मात्र कोणत्याच खिडकीतून बाहेर येत नाही.

रब्बी मेईर बेन बारूख. ज्यू परंपरेत त्याला ‘रोटेनबुर्गचा महाराम’ म्हणतात. तेराव्या शतकात तो या गावात राहिला, शिकवत राहिला. तरुणपणी तो फ्रान्समध्ये शिकायला होता, तेव्हा पॅरिसमध्ये तालमूदच्या पोथ्या गाड्या भरभरून आणून जाळल्या गेल्या. त्या होळीवर त्याने लिहिलेलं शोकगीत ज्यू प्रार्थनांत अजून म्हटलं जातं. युरोपभरातून त्याच्याकडे धर्मशास्त्राचे प्रश्न येत. व्यापारातला तंटा, काडीमोड, करांची वाटणी, काहीही असो, त्याची उत्तरं जात. अशी हजारभर उत्तरपत्रं टिकली आहेत. तेराव्या शतकात ‘रोटेनबुर्ग’ हे नाव राइनपासून थेट स्पेनपर्यंत विद्वानांच्या तोंडी होतं, ते तटाबुरुजांमुळे नव्हे, या माणसामुळे.

रुडोल्फने, गावाला सनद देणाऱ्या त्याच रुडोल्फने, ज्यू हे राजाच्या खजिन्याचे बांधील आहेत असं धरून करांचा फास आवळला. १२८६ मध्ये रब्बी मेईर कुटुंबासह देश सोडून निघाला. वाटेत इटलीच्या सीमेवर त्याला कुणीतरी ओळखलं, आणि त्याची रवानगी आल्सासमधल्या एन्झिसहाइमच्या कैदेत झाली. ज्यू समाजाने मोठी रक्कम उभी करायची तयारी दाखवली. मेईरनेच नकार दिला. आज माझ्यासाठी पैसे मोजले, तर उद्या प्रत्येक राजा एकेका रब्बीला धरून बसेल, असा त्याचा हिशेब होता. १२९३ मध्ये तो कैदेतच वारला. त्यानंतर चौदा वर्षं राजसत्तेने त्याचं प्रेतही सोडलं नाही. शेवटी एका ज्यू व्यापाऱ्याने खंडणी भरून ते सोडवलं आणि वोर्म्सच्या दफनभूमीत पुरलं. मोबदल्यात त्याने एकच गोष्ट मागितली, आपल्याला त्याच्या शेजारी जागा मिळावी. ती मिळाली. दोघांचे दगड तिथे शेजारी शेजारी उभे आहेत.

रब्बी गेल्यावर पाच वर्षांनी, १२९८ मध्ये, रिंटफ्लाइश नावाच्या माणसाच्या टोळीने फ्रँकोनियातल्या ज्यू वस्त्यांवर हल्ले केले. रोटेनबुर्गमध्ये सुमारे साडेचारशे ज्यू मारले गेले. काही उरले, काही परत आले. १३४९ मध्ये प्लेगच्या साथीत विहिरीत विष कालवल्याचा आळ घेऊन पुन्हा कत्तल झाली. तरी ते पुन्हा परतले, या वेळी नव्या गल्लीत. ‘युडेनगासे’, म्हणजे ज्यूंची गल्ली. या गल्लीत ज्यू आणि ख्रिस्ती घरं भिंतीला भिंत लावून होती. १५१९-२० मध्ये योहानेस टॉयश्लाइन नावाच्या उपदेशकाने रोज व्यासपीठावरून गरळ ओकून नगरसभेला भरीला घातलं. ज्यूंना हाकलून दिलं गेलं आणि त्यांच्या सिनेगॉगमध्ये मेरीचं प्रार्थनाघर थाटलं. दफनभूमीतले दगड सुटे झाले आणि बांधकामाला गेले. काही दगड शतकांनंतर भिंतींतून निघाले, आता संग्रहालयात आहेत.

टॉयश्लाइनचं पुढे काय झालं, हेही सांगायला हवं. १५२५ मध्ये जर्मन मुलखात शेतकऱ्यांचं मोठं बंड पेटलं. रोटेनबुर्गभोवतालच्या खेड्यांतली रयत उठली, आणि गावातले कारागीर व उपदेशक तिच्या बाजूने गेले, टॉयश्लाइनसुद्धा. बंड चिरडलं गेलं. आन्सबाखचा मार्कग्राफ काझिमिर फौज घेऊन आला आणि बाजारचौकात पुढाऱ्यांची डोकी उडवली. त्यांत टॉयश्लाइनचं होतं. आज जिथे माना वर करून घड्याळ बघतात, तोच हा चौक.

गावातली सर्वांत सुंदर वस्तू याच अस्वस्थ वर्षांतली आहे. सेंट याकोब चर्चमध्ये ख्रिस्ताच्या रक्ताचा थेंब मानला जाणारा अवशेष स्फटिकाच्या कुपीत होता. त्यासाठी नगरसभेने वेदी करवून घेतली. सुताराचं काम एर्हार्ट हार्शनरने केलं आणि मूर्ती घडवल्या व्यूर्त्सबुर्गच्या टिलमान रीमेनश्नायडरने. काम १५०५ च्या सुमारास पुरं झालं. लिंडनच्या लाकडातलं, रंग न लावलेलं शिल्प. मध्यभागी शेवटचं भोजन आहे, आणि शिरस्त्याप्रमाणे मधोमध ख्रिस्त असायचा, तिथे आहे यहूदा, हातात पैशांची थैली घेऊन, पाठमोऱ्यासारखा. ख्रिस्त किंचित बाजूला. चर्चचा हा भाग एका रस्त्यावर कमानीसारखा बांधलेला आहे, त्यामुळे खालून गाड्या जात असताना वर हे भोजन चालू असतं. रीमेनश्नायडरही पुढे बंडात शेतकऱ्यांच्या बाजूने राहिला, पकडला गेला, त्याचा छळ झाला. १५४४ मध्ये गाव ल्यूथरपंथी झालं. अवशेषांची पूजा ल्यूथरला मान्य नव्हती, तरी वेदी कुणी फोडली नाही.

आता पुन्हा १६३१.

टिली तेव्हा बहात्तर वर्षांचा होता. त्याच्या नावाची धास्ती का होती, हे कळायला रोटेनबुर्गच्या आधीचे पाच महिने बघावे लागतात. मे महिन्यात त्याच्या फौजेने माग्डेबुर्ग घेतलं आणि ते नगर जळून खाक झालं. सुमारे वीस हजार माणसं मेली. ही बातमी पत्रकांतून जर्मन मुलखाच्या कोपऱ्याकोपऱ्यात पोचली होती. सप्टेंबरमध्ये ब्राइटेनफेल्डच्या लढाईत स्वीडनच्या गुस्ताव्ह आडोल्फने टिलीचा दारुण पराभव केला. म्हणजे ऑक्टोबरच्या शेवटी रोटेनबुर्गच्या वेशीशी आला तो हरलेला, उपाशी आणि चिडलेला म्हातारा होता. हिवाळा तोंडावर होता आणि त्याला फौज पोसायची होती. जळलेल्या गावात फौज पोसता येत नाही. गाव न जाळण्यामागे एवढा व्यवहार पुरेसा आहे, सव्वातीन लिटर वाइनची गरज नाही. फौज राहिली, कोठारं रिकामी झाली, खंडणी वसूल झाली, आणि ती गेली तेव्हा गाव कंगाल होतं. पुढच्या एप्रिलमध्ये टिली स्वतः लेख नदीवरच्या लढाईत जखमी होऊन मेला. रोटेनबुर्गात १६३४ मध्ये प्लेग आला. युद्ध १६४८ मध्ये संपलं, तोवर आलटून पालटून दोन्ही बाजूंच्या फौजांना पोसण्यात सगळं गेलं होतं.

आणि इथून पुढची दोनशे वर्षं काहीही घडलं नाही.

रोटेनबुर्गच्या इतिहासातली सगळ्यांत महत्त्वाची घटना हीच, काही न घडण्याची. व्यापाराच्या वाटा दुसरीकडून जाऊ लागल्या. दुसऱ्या नगरांत पैसा आला, तशी लोकांनी जुनी घरं पाडली, फ्रेंच थाटाचे दर्शनी सज्जे काढले, तट पाडून तिथे हमरस्ते आणि बागा केल्या. रोटेनबुर्गच्या लोकांनाही नवं घर आवडलं नसतं असं मानायचं काही कारण नाही. घर पाडायला मजूर लागतात, राडारोडा उचलायला बैलगाड्या लागतात, तट पाडायला तर त्याहून जास्त. मोडायलाही पैसे लागतात, आणि तेच नव्हते. गळकं छप्पर शाकारायचं, कुजलेली तुळई बदलायची, आणि आजोबांच्या घरात नातवाने राहायचं, असं चाललं. आपण ज्याला ‘जपलेलं गाव’ म्हणतो, ते बऱ्याच अंशी परवडलं नाही म्हणून उरलेलं गाव आहे.

१८०२ मध्ये स्वतंत्र नगराचं बिरुदही गेलं आणि गाव बव्हेरियाच्या पदरात पडलं. १८१० मध्ये सीमा पुन्हा आखली गेली, तेव्हा गावाच्या पश्चिमेचा मुलूख व्यूर्टेमबेर्गला गेला. टोप्लरने जमवलेल्या खेड्यांतला मोठा भाग एका रात्रीत परराज्यात. गाव सीमेवरचं एक सुस्त तालुक्याचं ठिकाण झालं. रेल्वेचा मुख्य मार्ग दुरून गेला, गावापर्यंत फाटा आला तो १८७३ मध्ये.

पण गरिबीतून उरलेल्या वस्तूला तोवर गिऱ्हाईक तयार झालं होतं. कारखान्यांच्या धुराने काळवंडलेल्या शहरांतल्या माणसांना वेशी, उतरती छपरं, खिडकीतल्या कुंड्या असं काही बघायला हवं होतं. लुडविग रिश्टर, कार्ल श्पिट्सवेग यांच्यासारखे चित्रकार इथे येऊन गेले. इंग्रज चित्रकार आले आणि परत जाऊन इंग्लंडात चित्रं विकू लागले. लेखक विल्हेल्म हाइनरिश रील टाउबरच्या खोऱ्यातून पायी हिंडला आणि त्यावर लिहिलं. पॉल हाइझेने या गावावर कथा लिहिली, ती १८८१ ची. त्याला पुढे नोबेल मिळालं.

आणि १८८१ मध्येच आदाम ह्योरबर या काचकाम करणाऱ्या कारागिराने नुशच्या वाइनवर पद्यनाटक लिहिलं. नगरसभागृहाच्या मोठ्या दालनात ते गावकऱ्यांनीच सादर केलं. सुतार झाला टिली, बेकरीवाला झाला शिपाई, अशा थाटाचं काम. तेव्हापासून ईस्टरनंतरच्या पेंटेकॉस्टच्या सणाला हे नाटक होतं. इतिहास बघायला पाहुणे येत होतेच, गावाने त्यांना गोष्ट दिली. ही फसवणूक होती असं मी म्हणणार नाही. ज्या गावाला दोनशे वर्षांत सांगण्यासारखं काही घडलं नाही, त्याने ते एका काचकाम्याच्या हातून घडवून घेतलं, आणि चांगलं घडवून घेतलं. फक्त यानंतर गावाचं जुनेपण ही आपोआप उरलेली वस्तू राहिली नाही, ती राखायची मालमत्ता झाली. १८९८ मध्ये ‘जुनं रोटेनबुर्ग’ जपणारी गावकऱ्यांची संस्था निघाली. बांधकामाचे नियम आले. इंग्लंडमध्ये रेमंड अन्विनने नगररचनेवरच्या १९०९ च्या ग्रंथात रोटेनबुर्गचे रस्ते आणि चौक नमुना म्हणून दाखवले. लंडनजवळच्या हॅम्पस्टेड गार्डन सबर्बमध्ये त्याने बांधून घेतलेल्या भिंतीतही अशाच जर्मन गावांची छाया आहे. गरिबीने राखलेलं गाव आता सुखवस्तू उपनगरांचा आदर्श झालं.

ज्याला आदर्श हवा असतो, त्या प्रत्येकाचा आदर्श सोज्वळ असतोच असं नाही. नाझींना रोटेनबुर्ग फार आवडलं. कारखाने नाहीत, परके नाहीत, लाकडी चौकटीची घरं आणि तट, म्हणजे त्यांच्या कल्पनेतली शुद्ध जर्मनी. सरकारी सहलींतून कामगारांचे जथे इथे आणले जात. गावानेही ही ओळख आनंदाने अंगावर घेतली. १८७० नंतर परत येऊन वसलेले मूठभर ज्यू तेव्हा गावात होते. वेशींवर ज्यूंविरुद्धच्या चित्रांच्या आणि मजकुराच्या पाट्या लागल्या. येणाऱ्या पाहुण्याला पहिल्यांदा दिसायच्या त्या याच. २२ ऑक्टोबर १९३८ रोजी उरलेल्या सतरा ज्यूंना गावाबाहेर काढलं गेलं. देशभर सिनेगॉगं जाळली गेली, दुकानांच्या काचा फुटल्या, ती रात्र याच्या अडीच आठवड्यांनंतरची. हे सारखं डोक्यात ठेवलं पाहिजे, कारण गावाची पुढची गोष्ट करुण आहे, आणि करुण गोष्टीच्या नादात ही पाटी पुसली जाते.

३१ मार्च १९४५. ईस्टरच्या आदला दिवस. अमेरिकेच्या सोळा विमानांचं लक्ष्य दुसरंच होतं, तिथे धुकं होतं, म्हणून बाँब रोटेनबुर्गवर पडले. गावाच्या पूर्वेकडची बाजू पेटली. सुमारे चाळीस माणसं मेली. तीनेकशे घरं गेली, नऊ बुरूज आणि सहाशे मीटरहून जास्त तट गेला. जुन्या गावाचा चाळीस टक्क्यांच्या आसपास भाग काही मिनिटांत राखेचा झाला. टिलीने जे केलं नव्हतं ते झालं होतं.

दोन आठवड्यांनी अमेरिकेची फौज तटापाशी आली. गावात जर्मन सैनिक होते, आणि शेवटपर्यंत लढायचा हिटलरचा हुकूम होता. तोफा लावल्या असत्या तर उरलेलं साठ टक्केही गेलं असतं. या वेळी मध्ये आला जॉन मॅकलॉय, अमेरिकेचा उपयुद्धमंत्री. त्याची आई रोटेनबुर्गबद्दल हरखून बोलायची, घरात या गावाचं चित्र होतं. त्याने जनरल डेव्हर्सला सांगितलं की या गावावर तोफा चालवू नका. सहा सैनिक पांढरं निशाण घेऊन निरोप द्यायला गेले. गाव द्या, नाहीतर बाँब पडतील, मुदत तीन तास. गावातल्या सैनिकांचा अधिकारी मेजर थ्योमेसने हिटलरचा हुकूम बाजूला ठेवला. १७ एप्रिलला अमेरिकन फौज तोफ न उडवता आत आली.

मेजर थ्योमेसने काय पणाला लावलं होतं, हे पंधराएक किलोमीटरवरच्या ब्रेटहाइम खेड्यात दिसतं. तिथे हान्सेलमान नावाच्या शेतकऱ्याने काही दिवस आधी हिटलरच्या पोरवयीन शिपायांकडून शस्त्रं काढून घेतली आणि तळ्यात फेकून दिली. पोरं मरू नयेत, गाव जळू नये, एवढंच त्याच्या मनात. नाझींच्या एसएस दलाने त्याला मृत्युदंड दिला. त्यावर सही करायला सरपंच गाकश्टाटर आणि शाळामास्तर वोल्फमायर यांनी नकार दिला. १० एप्रिल १९४५ रोजी तिघांनाही दफनभूमीच्या दाराशी असलेल्या लिंडनच्या झाडांना फासावर लटकवलं. एक चषक रिकामा करणाऱ्या नगराध्यक्षाचा पुतळा रोज खिडकीत येतो. ब्रेटहाइमच्या सरपंचाने पेन उचललं नाही, एवढ्यासाठी जीव दिला. गाव वाचवणाऱ्या माणसांची गोष्ट सांगायची असेल, तर मला ही जास्त पटते.

मॅकलॉयला पुढे रोटेनबुर्गने मानाने गौरवलं. त्याच्याबद्दलची दुसरी नोंद सहसा गावच्या गोष्टीत येत नाही. १९४४ च्या ऑगस्टमध्ये ज्यू संघटनांनी अमेरिकेकडे विनंती केली होती, की आउश्विट्झकडे जाणारे लोहमार्ग आणि तिथल्या गॅसकोठड्या बाँबने उडवा. १४ ऑगस्टला नकाराचं पत्र गेलं. विमानं दुसरीकडे हवी आहेत, हे व्यवहार्य नाही, अशा आशयाचं. पत्राखाली सही मॅकलॉयची होती. तो निर्णय एकट्याचा नव्हता आणि युद्धखात्याची बाजू समजून घेता येते. पण आईच्या तोंडून ऐकलेल्या गावासाठी एक शब्द टाकता आला, आणि मालगाड्यांतून जाणाऱ्यांसाठी नाही, हे दोन्ही एकाच माणसाच्या खात्यावर आहे. त्या गावातून सतरा जणांना साडेसहा वर्षांपूर्वीच हाकललेलं होतं.

युद्धानंतर पूर्वेकडचा भाग पुन्हा बांधायचा ठरला. इतर जर्मन शहरांनी रुंद रस्ते आणि सिमेंटचे ठोकळे घेतले. रोटेनबुर्गने रस्त्यांच्या रेषा तशाच ठेवल्या, छपरांचा उतार तोच, उंची तीच, खिडक्या लहान. नव्या घरांवर खोटी नक्षी चढवली नाही. त्यांच्या भिंती साध्या गिलाव्याच्या आहेत, आणि माहीत असेल तर ती ओळखू येतात. तटासाठी जगभरातून पैसे मागितले. इतके मीटर भिंत तुमच्या नावाने, असा सौदा होता. तटावरून छपराखालच्या अरुंद वाटेने चालताना दगडांत बसवलेल्या देणगीदारांच्या पाट्या लागतात. अमेरिकन नावं, जर्मन कंपन्या, आणि बऱ्याच जपानी. १९५० मध्ये व्यूर्त्सबुर्गपासून आल्प्सच्या पायथ्यापर्यंतचा ‘रोमँटिक रस्ता’ पर्यटकांसाठी आखला गेला, त्यावर रोटेनबुर्ग बसलं, आणि मग बसगाड्यांचा ओघ थांबलाच नाही. आता वर्षभर नाताळची सजावट विकणारं मोठं दुकान आहे, तळलेल्या पिठाचे साखर पेरलेले ‘बर्फाचे गोळे’ प्रत्येक बेकरीच्या काचेत आहेत. ते बघायला छान असतात. घशाखाली उतरवायला सोबत कॉफी घ्यावी लागते.

अकरा हजारांच्या आसपास वस्तीचं हे गाव दरवर्षी लाखो पाहुणे रिचवतं. मध्ययुग बघायला आलेला माणूस ज्या पूर्वेकडच्या बुरुजाला टेकून फोटो काढतो, तो बऱ्याचदा पन्नास-साठच्या दशकातला असतो. ह्यात मला काही वावगं वाटत नाही. तटाची डागडुजी टोप्लरच्या काळीही चालूच होती.

युडेनगासेतली घरं पश्चिमेच्या बाजूला असल्याने बाँबमधून वाचली. त्यांतल्या एकाच्या तळघरात पंधराव्या शतकाच्या आरंभीचं मिक्वे, म्हणजे विधीच्या स्नानाचं कुंड, अजून आहे, खाली पाणीही आहे. ज्यू आणि ख्रिस्ती शेजारी राहत असलेली इतकी जुनी गल्ली घरांसकट टिकल्याची उदाहरणं युरोपात फारच थोडी. कधी गेलात, तर घड्याळ जरूर बघा. खिडक्या मिटल्या की चौकातून उत्तरेला वळा. पाच मिनिटांची वाट आहे, आणि तिथे गर्दी नसते.